मे महिन्यात कुत्र्याला घेऊन गाडीने कोकणात: काय काळजी घ्यावी?

मधुमालती, सोमवार, रात्री ९.४०

नमस्कार मंडळी. येत्या शनिवारी आम्ही पुण्याहून गुहागरजवळच्या पालशेतला सासरी निघतोय. सासऱ्यांची पंच्याहत्तरी आहे, त्यामुळे तारीख बदलता येणार नाही. सोबत आमचा बाळू असणार. लॅब्राडोर, वय ९, वजन ३८ किलो. आमचे डॉक्टर म्हणतात, पाच-सहा किलो जास्तच आहे. हिवाळ्यात तो दोनदा कोकणात आलाय, मे महिन्यात मात्र पहिल्यांदाच.

बेत असा आहे: सकाळी ८ला निघायचं, ताम्हिणीतून माणगाव, महाड, खेड करत दापोलीला मावशीकडे जेवायला थांबायचं आणि चारच्या सुमारास दाभोळहून फेरीबोटीने धोपाव्याला उतरायचं. गाडी हॅचबॅक आहे. मागची सीट पाडून डिकीपर्यंत त्याची गादी घालणार आहोत. मागे एसीचे झरोके नाहीत, पण पुढचा एसी चांगला चालतो.

शेजारच्या काकू म्हणाल्या, निघण्याआधी त्याचे केस भादरून घ्या. नवरा म्हणतो, कोकणात ३३-३४च्या वर पारा जात नाही, उगाच घाबरतेस. मला मात्र झोप लागत नाहीये. कोणी मे महिन्यात कुत्र्याला नेलं असेल तर कृपया सविस्तर लिहा.

सड्यावरचा, सोमवार, रात्री १०.१५

ताई, सकाळी ८ला निघू नका. ८ला निघालात की ताम्हिणी उतरून विळे-निजामपूरच्या पट्ट्यात पोचेपर्यंत ऊन चढलेलं असणार. समुद्रकिनारा वेगळा आणि सह्याद्रीच्या पायथ्याची ही खोलगट पट्टी वेगळी. त्याच भागातल्या भिऱ्याला २८ मार्च २०१७ रोजी ४६.५ अंश नोंदले गेले होते. रायगड जिल्ह्यात, तेही मार्चमध्ये! समुद्राचा वारा तिथवर पोचत नाही.

पुढे माणगाव-इंदापूरची कोंडी. सुट्टीच्या शनिवारी तिथे तासभर अडकलात तर गाडी उभी, ऊन डोक्यावर आणि एसीची ताकद निम्मी.

पहाटे तीनला निघा. चारही नको, तीनला.

रातांबा, सोमवार, रात्री ११.५०

मधुमालती, तुमच्या बेतातली दुपारची फेरीबोट वाचली आणि पोटात गोळा आला. आमच्यावर नेमकं तेच गुदरलंय. तीन वर्षांपूर्वीची गोष्ट. सगळं लिहिते, कारण तेव्हा मला कोणी हे सांगितलं असतं तर फार बरं झालं असतं.

आमचा मोती तेव्हा नऊ वर्षांचा होता. वडील लॅब, आई गावठी. दाभोळच्या जेटीवर दुपारी दोन वाजता पोचलो. रांगेत वीस-पंचवीस गाड्या. उभ्या गाडीत एसीची हवा कोमटच येत होती, इंजिनाचा काटाही वर सरकायला लागला, म्हणून यजमानांनी एसी बंद करून चारही काचा खाली केल्या. वारा होता, पण तो वारा म्हणजे भाताच्या पातेल्यावरचं झाकण काढल्यावर तोंडावर येते ना, ती वाफ. मग गाडी बोटीवर चढवली आणि इंजिन बंद केलं. वर उघडं आकाश, खाली तापलेली लोखंडी डेक. मोतीला खाली उतरवायचा प्रयत्न केला तर त्याने पाय टेकताच उचलले, म्हणून पुन्हा गाडीतच बसवला.

तो जोरजोरात ल्हाल्हा करत होता. मला वाटलं, बोटीच्या आवाजाला घाबरलाय. मी त्याला थोपटत राहिले. ती माझी सगळ्यात मोठी चूक. भीतीची धाप आणि उष्णतेची धाप यांतला फरक मला तेव्हा कळत नव्हता. लाळ नेहमीसारखी पातळ नव्हती, चिकट, तारेसारखी लोंबत होती. जीभ रुंद होऊन टोकाकडे वर वळली होती. हिरड्या लालभडक. धोपाव्याला गाडी खाली उतरवेपर्यंत तो चार पाय फाकवून उभा होता आणि हाक मारली तरी बघत नव्हता. वर चढाच्या रस्त्याला लागलो आणि तो कोसळला.

त्यानंतरची चूक आणखी मोठी. आम्ही गाडी थांबवलीच नाही. मी फोनवर डॉक्टर शोधतेय, यजमान गाडी पळवतायत, रेंज येते-जाते. वीस मिनिटं अशीच गेली. शेवटी मोतीला उलटी झाली म्हणून एका घरासमोर थांबलो. त्या घरातल्या आजींनी काही विचारलं नाही. मोतीकडे एकदा बघितलं आणि सुनेला म्हणाल्या, "आधी विहिरीचं पाणी काढ." त्यांच्या खळ्यात आंब्याच्या सावलीत त्याला आडवा घातला. सून रहाटाने पाणी काढतेय, मी पोटावर, मांड्यांत, काखेत, मानेवर ओततेय. आजींनी ओटीवरचा टेबलफॅन वायर लांबवून आणून त्याच्यासमोर लावला. दहा-बारा मिनिटांनी त्याने डोळे फिरवले आणि माझ्याकडे पाहिलं.

मग चिपळूणला डॉक्टरांकडे नेलं. दुसऱ्या दिवशी शौचातून रक्त पडलं, लघवी गडद झाली. तीन दिवस सलाईन. वाचला. आज तो बारा वर्षांचा आहे, पण मूत्रपिंडं कायमची अधू झाली आणि आयुष्यभराचं पथ्य मागे लागलं. डॉक्टर म्हणाले, त्या विहिरीने वाचवला. ती वीस मिनिटं आधी थांबलो असतो तर मूत्रपिंडंही वाचली असती, हे त्यांनी बोलून दाखवलं नाही, पण मला कळलं.

तुम्ही बोटीने जाऊ नका. जायचंच असेल तर सकाळच्या पहिल्या फेरीने.

गोठा_आणि_गाव, मंगळवार, सकाळी ६.३०

मी पशुवैद्य आहे, रत्नागिरी जिल्ह्यात काम करतो. रातांबा ताईंनी लिहिलेलं लक्षण न् लक्षण बरोबर आहे. त्यामागचं कारण सांगतो, म्हणजे "कोकणात तर ३४च असतं" या समजाचं काय करायचं ते कळेल.

कुत्र्याला आपल्यासारखा अंगभर घाम येत नाही. घामाच्या ग्रंथी असतात त्या पंजांच्या तळव्यांना, आणि शरीर थंड करायला त्यांचा उपयोग नगण्य. त्याचं मुख्य साधन म्हणजे धापणं. जीभ, तोंड, नाक यांतला ओलावा वाफ होऊन जातो आणि जाताना उष्णता घेऊन जातो. आता हवाच ओलाव्याने भरलेली असेल तर ती वाफ होणार कशी? दमट दिवसांत पडवीत वाळत घातलेला पंचा संध्याकाळपर्यंत ओलसरच राहतो, तसंच त्याच्या जिभेचं होतं. वर धापणं ही मेहनतच आहे, छातीचे स्नायू चालतात आणि त्यांची वेगळी उष्णता तयार होते. म्हणून नागपूरच्या कोरड्या उन्हाचा हिशोब इथे लावू नका. हवामान खातंसुद्धा दोन्हीकडे एकच आकडा लावत नाही. उष्णतेची लाट ठरवताना मैदानी भागात कमाल तापमान किमान ४० लागतं, किनाऱ्यावर ३७, आणि सहसा दोन्हीकडे ते सरासरीपेक्षा किमान साडेचार अंशांनी जास्त असावं लागतं.

निरोगी कुत्र्याचं तापमान साधारण ३८.३ ते ३९.२ अंश सेल्सिअस. ते ४०.५-४१च्या पुढे गेलं की आतले अवयव भाजायला लागतात. याचा अर्थ त्याच्याकडे जेमतेम दोन अंशांची सवड असते.

आता उपाय. आधी थंड करा, मग डॉक्टरकडे पळवा. लंडनचं रॉयल व्हेटर्नरी कॉलेजही हेच सांगतं. जिथे असाल तिथे सावलीत थांबा, पाणी ओता आणि वारा घाला. पंखा, पुठ्ठा, सुपलं, मिळेल त्याने. कुत्रा तरुण आणि धडधाकट असेल आणि मोठं घमेलं किंवा टाकी असेल तर डोकं वर धरून सरळ पाण्यात बसवा. म्हातारा किंवा आजारी असेल तर ओतणं आणि वारा. बर्फाचं पाणी अजिबात वापरू नये असं आम्हाला कॉलेजात शिकवलं होतं, आता ते मत मागे पडलंय. त्याच्या अंगापेक्षा गार असलेलं कुठलंही पाणी चालेल, पाण्याच्या निवडीत वेळ घालवू नका. ओला टॉवेल अंगावर पांघरून मात्र ठेवू नका. तो काही मिनिटांत गरम होतो आणि वाफ अडवतो. टॉवेल अंगाखाली घातला तर चालेल.

शुद्ध हरपत असेल तर तोंडात पाणी घालू नका, ते फुप्फुसात जातं. थर्मामीटर असेल तर गुदद्वारातून बघा आणि ३९.४च्या आसपास आलं की पाणी थांबवा, नाहीतर पारा गरजेपेक्षा खाली घसरतो. मग गाडीत घाला, एसी पूर्ण लावा, निघा. तो उठून बसला, शेपूट हलवू लागला तरी डॉक्टरकडे न्याच. मूत्रपिंड, यकृत, रक्त गोठण्याची क्रिया, यांतला बिघाड एक ते तीन दिवसांनी वर येतो.

दोन गोष्टी हात जोडून सांगतो. क्रोसिन देऊ नका. हा ताप नाही, त्यामुळे पॅरासिटामॉलने उतरत नाही, उलट आधीच मार खाल्लेल्या यकृतावर आणखी घाव. आणि तळव्यांना, कानशिलाला कांद्याचा रस चोळू नका. आपल्या घरांत ऊन लागलं की कांदा चोळायची जुनी पद्धत आहे, माझ्या आईनेही माझ्यावर केलीय. पण कुत्रा ते चाटतो आणि कांद्याने त्याच्या तांबड्या पेशी फुटतात.

वाडीतला, मंगळवार, सकाळी ८.०५

डॉक्टर, आदर राखून विचारतो. आमच्या वाडीतली गावठी कुत्री बाराही महिने उघड्यावर असतात. टेम्पोच्या हौद्यात बसून बाजाराला येतात. त्यांना काही होत नाही. मग एवढा बाऊ कशाला?

गोठा_आणि_गाव, मंगळवार, दुपारी १.४०

प्रश्न रास्त आहे. तुमचा गावठी कुत्रा सडपातळ, आखूड केसांचा, लांब नाकाचा आणि मार्चपासून रोज थोडा थोडा उन्हाला सरावलेला असतो. त्याहून मोठी गोष्ट: त्याला कोणी बांधलेलं नसतं. दुपारी बाराला तो तुम्हाला रस्त्यावर दिसतो का? तो माडाच्या आळ्यात ओली माती उकरून पोट टेकून पडलेला असतो, नाहीतर न्हाणीच्या मोरीपाशी. गाडीतल्या कुत्र्याला ती निवड नसते. बंद गाडीत गावठीही तसाच मरतो. आणि हौद्यात उभं राहण्याबद्दल सांगायचं तर, पत्र्याने पंजे भाजलेली आणि वळणावर फेकली गेलेली कुत्री दर उन्हाळ्यात माझ्याकडे येतात.

बाळूचं वय ९ आणि वजन जास्त, ही दुहेरी जोखीम आहे. म्हाताऱ्या लॅबमध्ये आणखी एक गोष्ट असते: स्वरयंत्राचे स्नायू ढिले पडतात आणि श्वास घेताना घरघर येते. फिरून आल्यावर त्याच्या श्वासाचा आवाज बदललाय का, भुंकणं बसल्यासारखं झालंय का? तसं असेल तर प्रवासाआधी डॉक्टरांना दाखवा.

मांडव्याची_मनी, मंगळवार, दुपारी ३.२०

आमच्याकडे पग आहे. नाक चपटं, श्वासाची वाट मुळातच अरुंद. पग, बुलडॉग, शिह त्झू असेल तर एप्रिल-मेमध्ये दुपारचा प्रवास नकोच. आम्ही भाऊच्या धक्क्यावरून मांडव्याला रो-रोने जातो ते फक्त सकाळच्या बोटीने आणि चढण्याआधी बोटीवर कुत्र्याला कुठे बसू देतात ते विचारून ठेवतो. कापडी घट्ट मुसकं कधीच घालू नका, तोंड उघडता आलं नाही तर धापणार कसा? लागलंच तर पिंजऱ्यासारखं जाळीचं.

घाटचालक, मंगळवार, रात्री ९.००

चौदा वर्षं पुणे-कोकण गाडी चालवतोय, पॅसेंजरबरोबर बरीच कुत्री नेली आहेत. धोका चालत्या गाडीत कमी आणि थांब्यावर जास्त. "पाच मिनिटांत वडापाव घेऊन येतो" ही ती पाच मिनिटं. गिऱ्हाईक उतरतं, हॉटेलात रांग असते, मुलाला लघवीला न्यायचं असतं, पंधरा मिनिटं सहज होतात. बाहेर ३४ असेल तर दहा मिनिटांत आत ४४च्या आसपास, अर्ध्या तासात पन्नाशी पार. काच दोन बोटं उघडी ठेवल्याने काही फरक पडत नाही. झाडाखाली लावलेली गाडीही चालत नाही, सावली सरकते. एसी चालू ठेवून कुत्र्याला एकटं सोडणारेही बघितलेत. एकदा कुत्र्याचा पाय बटणावर पडून दारं लॉक झाली, चावी आत. काच फोडावी लागली. त्यामुळे माझा नियम एकच: गाडीत कुत्रा असेल तर गाडीत माणूस असणार.

मधुमालती ताई, तुमच्या गाडीत डिकीपर्यंत एसी पोचणार नाही. पुढे तुम्हाला गारठा लागेल आणि मागे तो काचेतून येणाऱ्या उन्हात शिजत असेल. भिंतीवर लावतात तसला छोटा डिजिटल थर्मामीटर तो झोपतो त्या उंचीवर ठेवा, सीटच्या वर नाही. मागची सीट एकाच बाजूची पाडा, त्याला पुढच्या दोन सीटांमधून हवा लागेल असा मध्ये बसवा, छातीच्या पट्ट्याला सीटबेल्टचा हुक लावून. गळपट्ट्याला नको, ब्रेक लागला की मानेला हिसका बसतो. उन्हाच्या बाजूला जाळीचे पडदे. मागच्या काचांची बटणं लॉक.

आणि एसीचा गॅस, पट्टा, रेडिएटरचा पंखा या आठवड्यात तपासून घ्या. घाटाच्या चढाला एसी बंद पडला तर काय करायचं ते आधी ठरवा. माझ्या डिकीत वीस लिटरचा पाण्याचा कॅन असतो, मग कुत्रा असो वा नसो.

मधुमालती, मंगळवार, रात्री १०.३०

तुम्हा सगळ्यांचे आभार मानायला शब्द नाहीत. रातांबा ताई, तुमची पोस्ट नवऱ्याला मोठ्याने वाचून दाखवली. तो काही बोलला नाही, उठून बाळूजवळ जाऊन बसला. दापोली आणि बोट दोन्ही रद्द. मावशीला कळवलं, ती समजून घेईल. आता उंब्रज, पाटण, कुंभार्ली घाट, चिपळूण असं जायचं ठरतंय. डॉक्टर, खाण्या-पिण्याचं आणि केसांचं सांगाल का?

गोठा_आणि_गाव, बुधवार, सकाळी ६.१५

रस्ता चांगला निवडलात. कुंभार्ली पहाटे गार असतो.

केस भादरू नका. लॅबला दुहेरी आवरण असतं, वरचे केस ऊन अडवतात. सैल झालेले आतले केस ब्रशने काढा, तेवढं पुरे.

जेवण आदल्या रात्री ८पर्यंत, नेहमीपेक्षा कमी. पहाटे पोट रिकामं ठेवा, घाटात उलटी होणार नाही. उलटीच्या भीतीने माणसांची गोळी देऊ नका, तुमच्या डॉक्टरांकडून कुत्र्याची घ्या. पाणी मात्र तोडायचं नाही. एरवी किलोमागे साधारण ५० ते ६० मिलिलिटर दिवसाला लागतं, म्हणजे बाळूला दोन लिटर तरी, उन्हाळ्यात त्याहून जास्त. दर दीड-दोन तासांनी थोडं थोडं पुढे करा, एकदम वाडगाभर नको. ओळखीच्या वाडग्यातून, घरचं पाणी नेलंत तर उत्तम, काही कुत्री परक्या पाण्याला तोंड लावत नाहीत. शहाळ्याचं पाणी चार घोट चालेल. कोकम सरबत नको, साखर आणि मीठ दोन्ही.

पोचल्यावर लगेच समुद्रावर पळवू नका. प्रवासाने थकलेला, नव्या हवेत आलेला कुत्रा चेंडूमागे दहा मिनिटं धावला की तापमान चढतंच, सकाळी ९ला सुद्धा. तहान लागली की लाटांचं पाणी पितो, मग उलट्या-जुलाब, त्यातून शरीरातलं पाणी आणखी कमी. दोन-तीन दिवस फक्त सूर्योदयाआधी आणि सूर्यास्तानंतर. वाळू, डांबर, कातळ, जांभ्याची फरशी, सगळीकडे आधी आपल्या हाताची मागची बाजू सात सेकंद टेकवून बघा. तुम्हाला सोसत नसेल तर त्यालाही नाही.

पालशेतहून जवळच्या पशुवैद्यकीय दवाखान्याचा नंबर सासऱ्यांकडून आत्ताच घ्या, शनिवार-रविवार कोण भेटेल तेही विचारा. पशुसंवर्धनाची १९६२ ही टोल फ्री सेवा आहे, ती मुख्यतः गुराढोरांसाठी धावते, पण नंबर फोनमध्ये असू द्या. आणि हिरडी दाबून बघायचा सराव घरी करा: बोट काढल्यावर पांढरा ठिपका दोन सेकंदांच्या आत पुन्हा गुलाबी व्हायला हवा. त्याची नेहमीची हिरडी कशी दिसते हे माहीत असेल तरच बदललेली ओळखता येईल.

रातांबा, बुधवार, सकाळी ९.४५

एकच भर घालते. वाटेतल्या विहिरी, घरं, पेट्रोलपंप बघत जा. मनात धरत जा की इथे पाणी आहे, इथे सावली आहे. आता मी हे आपोआप करते, मोती गाडीत नसला तरी.

मधुमालती, शनिवार, सकाळी ११.२०

पोचलो! पावणेतीनला निघालो, पालशेतला ९.१०ला गाडी लागली.

पाटणला उजाडता उजाडता थांबलो. नवरा चहा घेऊन आला, मी गाडीत बाळूपाशी. कुंभार्लीत काचा उघडून गेलो, इतका गार वारा होता. घाट उतरून पोफळी गावाच्या पुढे आलो आणि हवा एकदम बदलली. जड, चिकट. घाटचालक दादा, तुमचा थर्मामीटर तिथे कामाला आला. पुढे मला थंडी वाजत होती आणि मागे बाळूच्या गादीपाशी ३१ दाखवत होता! पाठीमागच्या काचेतून ऊन थेट गादीवर येत होतं. गाडी कडेला घेऊन त्याला पुढे सरकवला, पुठ्ठ्याने मागची काच झाकली, पंख्याचा वेग वाढवला. पंधरा मिनिटांत २७. त्या आकड्याशिवाय मला कळलंच नसतं, कारण तो शांत झोपलेला दिसत होता.

चिपळूणच्या पुढे थोडा धापू लागला. पाणी दिलं, हिरडी दाबून बघितली, गुलाबी. पोट आणि पंजे ओले केले आणि एसीचा झोत त्याच्याकडे वळवला. घरी आल्यावर तापमान घेतलं, ३८.९.

सासऱ्यांनी विहिरीजवळ पोफळींच्या सावलीत त्याच्यासाठी पाटाचं पाणी सोडून माती ओली करून ठेवली होती. आत्ता तिथे पोट टेकून झोपलाय. परत बुधवारी निघणार, रात्री अडीचला.

रातांबा, शनिवार, सकाळी ११.३१

बाळूच्या डोक्यावरून माझा हात फिरवा.